थेंबे आणि आल्याचा चटका

थेंबे हे त्यांचं आडनाव नव्हे. बारच्या काउंटरमागे उभे राहून ते रम काय, लिंबाचा रस काय, साखरेचा पाक काय, सगळं थेंबन् थेंब मोजून घालायचे. म्हणून कुणीतरी कधीकाळी त्यांना हे नाव ठेवलं आणि ते असं काही चिकटलं की हजेरीपटावरही तेच चढलं. त्यांच्या मुलीच्या लग्नात हॉटेलतर्फे जी फुलं गेली त्यांच्यावर 'थेंबे परिवारास' अशी चिठ्ठी होती. मुलीच्या सासरचे बुचकळ्यात पडले, आपण नक्की कुणाची मुलगी करून घेतली म्हणून.

मी त्याच हॉटेलात फळांच्या खोलीत कामाला आहे. लिंबं पिळायची, अननस सोलायचे, संत्र्याच्या सालीच्या पट्ट्या काढायच्या. माझी खोली आणि बार यांच्यात एक भिंत आहे आणि भिंतीत ट्रे जाईल एवढी खिडकी. अकरा वर्षं मी थेंब्यांना त्या खिडकीतून पाहत आले. म्हणजे त्यांचा उजवा कान, उजवा खांदा आणि उजवा हात. बाकीचे थेंबे जेवणाच्या सुट्टीत दिसायचे तेवढेच.

माणूस मोजकं बोलणारा, पण नाक भारी तिखट. रसाचं भांडं खिडकीतून घेता घेताच म्हणायचे, "बाई, यातलं एखादं लिंबू सालीपर्यंत दाबलं गेलंय." सुरुवातीला मला राग यायचा. मग चाखून बघायचे, तर खरंच कडवटपणा असायचा. बाटलीचं बूच उघडलं की ते आधी नाकाशी धरायचे, मगच ओतायचे. पेय घुसळायच्या प्रत्येक शेकरमध्ये काडीचं टोक बुडवून एक थेंब जिभेवर घ्यायचे, मान हलवायचे, आणि मग पेला पुढे सरकवायचे. सव्वीस वर्षं हेच.

मग त्यांना ताप आला. साधाच, दहा दिवसांचा. ताप उतरला, अशक्तपणा गेला, कामावर यायला दोन दिवस राहिले होते. त्या रविवारी सकाळी वहिनी, म्हणजे त्यांची बायको, गच्चीवर कपडे वाळत घालायला गेल्या होत्या. दूध गॅसवर होतं आणि थेंबे बाहेरच्या खोलीत शब्दकोडं सोडवत बसले होते. करपल्याचा वास वहिनींना गच्चीवर आला. त्या धावत खाली आल्या, तर स्वयंपाकघरात धूर, पातेलं कोळशासारखं काळं, आणि दहा पावलांवर हा माणूस पेन्सिल चावत बसलेला.

वहिनींनी आधी तोंड सोडलं. मग थेंब्यांचा चेहरा बघून थांबल्या. थेंबे उठले, स्वयंपाकघरात गेले आणि जमिनीवर बसून एकेक डबा उघडून नाकाशी नेऊ लागले. कॉफी, कांदा, वहिनींची अत्तराची बाटली, शेवटी फिनाईल. वहिनी ओट्याला टेकून उभ्या होत्या.

"काहीच नाही," ते म्हणाले. "अगं, काहीच नाही येत."

डॉक्टरांनी सांगितलं की काही लोकांचं असं होतं. महिन्याभरात येईल वास, वर्षभरात येईल, किंवा नाहीही येणार. औषध नाही. थेंब्यांनी विचारलं, तोपर्यंत काय करायचं? डॉक्टर म्हणाले, गॅसकडे लक्ष ठेवा आणि शिळं खाऊ नका.

तिथून जी भीती बसली ती त्यांनी मला फार नंतर सांगितली, तीही तुकड्या-तुकड्यांनी. ते झोपायच्या आधी गॅसचं बटण तीनदा बघायचे आणि अंथरुणावरून उठून चौथ्यांदा बघायचे. आपल्या अंगाला घामाचा वास येत असेल आणि आपल्याला कळत नसेल, या धास्तीने दिवसातून दोनदा आंघोळ करायचे. जेवताना तोंडात आंबट, गोड, खारट एवढं कळे, पण भाजी कसली ते बघितल्याशिवाय कळत नसे. डोळे मिटून खाल्लं तर सगळं ओल्या कापडासारखं. पण या सगळ्याहून मोठी भीती कामाची होती. वय चोपन्न. दुसरं काही येत नाही. आणि हॉटेलात नुकत्याच नव्या मॅनेजर बाई आल्या होत्या, थेंब्यांच्या मुलीपेक्षा चार-पाच वर्षांनी मोठ्या, हुशार, आणि कोण कशाला लागतो नि कोण नुसता जागा अडवतो याचा हिशेब डोळ्यांनीच करणाऱ्या. थेंब्यांनी वहिनींना शपथ घातली की हे घराबाहेर जाता कामा नये.

ते कामावर आले आणि सव्वीस वर्षांच्या सवयीची नक्कल करू लागले. बूच नाकाशी धरायचे. काडी बुडवायचे, थेंब जिभेवर घ्यायचे, मान हलवायचे. मापं पाठ होती, हात पक्का होता, त्यामुळे पेले बरोबरच व्हायचे. पण मला खिडकीतून एक गोष्ट खटकू लागली. पूर्वी ते कधी लगेच मान हलवायचे, कधी थांबायचे, कधी पेला ओतूनच टाकायचे. आता मान दर वेळी तेवढ्याच वेळाने हलायची, घड्याळ लावल्यासारखी.

एक दिवस मॅनेजर बाई दोन पेले घेऊन आल्या. त्यातल्या एकाला ओलसर फडक्याचा वास येतोय, धुण्याच्या मशीनमध्ये काहीतरी बिघाड आहे, कुठल्या पेल्याला येतोय ते तुम्हीच सांगा, तुमच्या नाकाचं फार ऐकलंय, असं म्हणाल्या. थेंब्यांनी पहिला पेला नाकाशी धरला, मग दुसरा, मग पुन्हा पहिला. मला त्यांचा कान दिसत होता. तो लालबुंद झाला होता. "दुसरा," ते म्हणाले. नशिबाने बरोबर निघालं. बाई खूश होऊन गेल्या. थेंबे माझ्या खोलीत आले, नळ सोडला आणि बराच वेळ मनगटं पाण्याखाली धरून उभे राहिले. मी विचारलं, बरं वाटत नाही का? म्हणाले, उकडतंय.

त्याच आठवड्यात बाईंनी सांगितलं की पेयांचं नवं कार्ड छापायचंय. त्यासाठी थेंब्यांनी डायकिरीचा एक नवा प्रकार करून द्यायचा. डायकिरी म्हणजे रम, लिंबू आणि साखर बर्फाबरोबर घुसळून गाळलेली, एवढंच. जुनं, सरळ पेय. त्यात लपायला जागा नाही, असं थेंबेच म्हणायचे. मुदत तीन आठवड्यांची. मुदत संपेल त्या बुधवारी संध्याकाळी पाच वाजता बाई स्वतः चव घेणार होत्या.

आणि त्यानंतर दोनच दिवसांनी लिंबाच्या रसाचं ते झालं. आदल्या दिवशीचं एक भांडं चुकून फ्रिजबाहेर राहिलं होतं आणि मी ते न बघता खिडकीतून पुढे केलं. ते हातातून सुटताच मला वास आला, आंबूस, नासलेला. मी आता थेंबे काय बोलतात म्हणून मान खाली घालून थांबले. त्यांनी भांडं नाकाशी धरलं, मान हलवली आणि बर्फात ठेवलं.

मी हात घालून भांडं परत ओढलं आणि मोरीत ओतलं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी त्यांच्याकडे पाहिलं.  त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत ते माझ्या खोलीत आले आणि दार लोटून घेतलं.

त्यांनी सगळं सांगितलं. पातेलं, डॉक्टर, पेल्यांचा अंदाज, सगळं. आवाज अगदी सपाट. मी आलं किसत होते, मुदपाकखान्याला हवं होतं म्हणून. ऐकता ऐकता किसतच राहिले. बोलता बोलता त्यांनी किसणीखालचं पाणी बोटावर घेतलं आणि सवयीने जिभेला लावलं.

आणि ते थांबले. पुन्हा बोट बुडवलं, पुन्हा चाटलं. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, आता ते आल्याने की कशाने ते मला विचारू नका.

"चटका बसला," ते म्हणाले. "बाई, कळलं मला. घशापर्यंत कळलं."

मला नंतर डॉक्टरांकडून समजलं की तिखट हा काही वास नव्हे, तो चटका आहे आणि त्याच्या नसा वेगळ्या. त्या दिवशी आम्हाला दोघांना तेवढं ज्ञान नव्हतं. सात आठवड्यांनी या माणसाच्या तोंडात काहीतरी घडलं होतं, एवढंच कळत होतं. त्यांनी तिथल्या तिथे ठरवलं की डायकिरीत आलं घालायचं.

पुढचे अडीच आठवडे आम्ही दुपारी तीन ते चार माझ्या खोलीत ते पेय जुळवत होतो. कोवळं आलं नुसतं रसाळ निघालं, चटका नाही. जून, दोरे सुटलेलं आलं बरं पडलं. ते किसून पातळ कापडातून पिळायचं आणि रस तासभर तसाच ठेवायचा. खाली पांढरा साका बसतो, तो टाकून वरचा रस घ्यायचा आणि वजनाला तेवढीच साखर घालून ढवळत राहायचं. चुलीवर ठेवायचा नाही, तापवला की आल्याचा धारदारपणा जातो. मिऱ्याचे चार दाणे ठेचून त्यात घातले, कारण मिरंही त्यांना जिभेवर कळत होतं. दालचिनी मला हवी होती. ते म्हणाले, मला जे कळत नाही ते मी पेल्यात घालणार नाही.

वासाचं काम माझ्याकडे आलं. मी जन्मात दारूचा थेंब घेतलेला नाही, आणि मला रमच्या बाटल्या हुंगून सांगायचं होतं. मला जे वाटलं ते मी सांगत गेले. ही जळलेल्या साखरेसारखी, ही नव्या बुटाच्या खोक्यासारखी, ही माझ्या मामांच्या गॅरेजसारखी. थेंबे डोळे मिटून ऐकायचे आणि म्हणायचे, "बुटाचं खोकं घ्या. गॅरेज नको." शेवटी माप ठरलं. काळी रम दोन भाग, लिंबू एक, आल्याचा पाक एकाला थोडा कमी. हे मी मजेत सांगतेय, पण त्या खोलीत मजा फार थोडी होती. बाहेर पावलं वाजली की थेंबे बाटल्या टेबलाखाली सरकवायचे. आणि मलाही रोज वाटायचं की आपण हे जे लपवतोय ते बरं नाही. एखाद्या दिवशी काहीतरी होईल. मग स्वतःला समजवायचे की बाटल्या काय, रोजच्या त्याच तर आहेत. त्यात काय होणार?

तो बुधवार उजाडला. सकाळी बर्फाच्या मशीनचा माणूस आला होता. मशीनमध्ये पाण्याचा पांढरा थर साचतो, तो काढायला तो ॲसिड वापरतो. कॅनमध्ये थोडं उरलं होतं आणि कॅन गळत होता, म्हणून त्याने पाकाची एक रिकामी बाटली उचलली, त्यात ते ओतलं आणि नळाशेजारी ठेवून तो दुसरा कॅन आणायला गेला. कुणीतरी काउंटर आवरताना ती बाटली पाकाची म्हणून पुसून जागेवर लावली. पाक पारदर्शक, ॲसिडही पारदर्शक. हे सगळं नंतर एकेकाला विचारून कळलं.

सव्वाचार वाजता एक बाई आल्या. निवृत्त शिक्षिका. दर बुधवारी पुस्तक घेऊन रस्त्याकडच्या खिडकीजवळच्या टेबलाशी बसायच्या आणि एकच साधी डायकिरी घ्यायच्या. त्यांचं सांगणं आलं आणि थेंब्यांनी हात चालवायला सुरुवात केली. मी खिडकीतून पाहत होते. त्यांचं लक्ष पाच वाजण्याकडे होतं. रम, लिंबू, मग पाकाची बाटली. बूच नाकाशी धरलं, ओतलं, घुसळलं. काडीसुद्धा बुडवली नाही, तेवढ्यापुरती ती नक्कलही विसरले. पेला ट्रेवर गेला, वेटर घेऊन निघाला.

मग मी त्यांचा हात थांबलेला पाहिला. नंतर ते म्हणाले, की ओतताना धार फार लवकर पडली हे हाताला कळलं होतं, डोक्याला कळायला वेळ लागला. पाक जाडसर असतो, सावकाश पडतो. हे पाण्यासारखं पडलं होतं. त्यांनी खाली बघितलं. काउंटर संगमरवराचा. बाटलीच्या तोंडावरून ओघळलेला एक थेंब दगडावर पडला होता आणि तो फसफसत होता. बारीक बुडबुडे, अगदी हलका आवाज.

सव्वीस वर्षांत थेंब्यांना पळताना कुणी पाहिलं नव्हतं. ते काउंटरच्या फळीखालून वाकून बाहेर पडले, एक खुर्ची आडवी केली आणि टेबलाशी पोचले तेव्हा पेला त्या बाईंच्या तोंडाशी होता. थेंब्यांनी तो हातानेच उडवला. पेला भिंतीवर फुटला, त्यांच्या साडीवर, पुस्तकावर सगळं सांडलं. त्या किंचाळल्या नाहीत, नुसत्या हात वर धरून बसून राहिल्या, कुणी मारायला आल्यासारख्या.

"प्यायलात का?" थेंबे विचारत होते. "बाई, प्यायलात का? सांगा मला, प्यायलात का?"

मी तोवर पाण्याचं भांडं घेऊन धावले होते. त्यांचा फक्त वरचा ओठ पेल्याला लागला होता. तो लाल झाला होता. आम्ही पाण्याने धुवत राहिलो, दहा मिनिटं, पंधरा मिनिटं, कुणीतरी गाडी बोलावली.  गाडीत बसताना त्या बाई हळू आवाजात म्हणाल्या ते मी कधी विसरणार नाही. त्या म्हणाल्या, "वास उग्र येत होता. पण तुम्ही दिलंय म्हणजे बरोबरच असेल, म्हणून पिणार होते."

मॅनेजर बाईंनी बाटली उघडली आणि लगेच तोंड फिरवलं. "अहो, हे तर हातभरावरून कळतंय," त्या म्हणाल्या. "तुम्हाला कसं नाही कळलं?"

थेंबे उभे होते तिथेच, खुर्चीच्या पाठीला धरून.

"मला वास येत नाही," ते म्हणाले. "नऊ आठवडे झाले."

मीही पुढे होऊन सांगितलं की मला हे माहीत होतं.  बाईंनी आम्हाला दोघांना घरी जायला सांगितलं.

पुढचे चार दिवस कसे गेले ते देव जाणे. मला फोन वाजला की धडकी भरायची. थेंबे तर घरात बसून होते. वहिनी सांगत होत्या की ते त्या शिक्षिकाबाईंच्या घशाचं स्वप्न बघून घाबरून उठतात, वर्तमानपत्रसुद्धा हातात धरत नाहीत. दवाखान्यातून निरोप आला की ओठाचा फोड आठवड्यात बरा होईल, आत काही नाही. तरी थेंब्यांना खरं वाटेना. ते तीनदा दवाखान्याच्या दारापर्यंत गेले आणि तीनदा परत आले. चौथ्यांदा वहिनी त्यांना हाताला धरून आत घेऊन गेल्या, पण त्या बाईंना तोवर घरी सोडलं होतं.

पाचव्या दिवशी मॅनेजर बाईंनी बोलावलं. ॲसिड पाकाच्या बाटलीत भरणं ही थेंब्यांची चूक नव्हती, ते त्यांनी आधीच लिहून ठेवलं होतं, आणि त्या मशीनवाल्याला पुन्हा दारात उभं करणार नव्हत्या. पण लपवल्याबद्दल त्या खूप बोलल्या, आणि त्यात खोटं काही नव्हतं. थेंब्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि खिशातून एक कागद काढून टेबलावर ठेवला. त्यात लिहिलं होतं, यापुढे मी बारमागे एकटा उभा राहणार नाही. नोकरी सोडतो असं लिहिलेलं नव्हतं. मला वाटतं ते लिहायचं धैर्य त्यांच्यात नव्हतं, आणि नव्हतं ते बरंच झालं.

बाईंनी कागद वाचला, घडी करून ठेवला आणि विचारलं की बुधवारचं ते पेय कुठे आहे. थेंब्यांना कळेचना. बाईंनी पुन्हा विचारलं. मग आम्ही दोघं माझ्या खोलीत गेलो, मी प्रत्येक बाटली उघडून हुंगली, रस आणि पाक ओठाला लावून पाहिले, मग त्यांनी ओतलं.  बाईंनी एक घोट घेतला, खोकल्या, आणि दुसरा घेतला. म्हणाल्या, लिंबू जरा कमी करा, बाकी छापायला देते.

आता थेंबे सकाळी आठला येतात आणि माझ्याच टेबलाच्या दुसऱ्या टोकाला बसून साऱ्या हॉटेलचे पाक करतात. आता ते मला पूर्ण दिसतात, डावा कानही. प्रत्येक बाटलीला रंगीत पट्टी आणि चिठ्ठी असते, आणि तरी ते मला विचारतात, "बाई, बघता का जरा?" वास थोडा परत आलाय, पण वेडावाकडा; कॉफीला त्यांना जळक्या रबराचा वास येतो. संध्याकाळी निघताना ते बाटल्या मोजतात आणि दारातून परत फिरून पुन्हा मोजतात.

शिक्षिकाबाई दोन महिने आल्या नाहीत. मग एका बुधवारी आल्या आणि झाकण आपल्यासमोरच उघडायचं असं सांगून पाण्याची बाटली मागितली. त्यानंतर तीन बुधवार तेच. चौथ्या बुधवारी त्यांनी कार्डावरची आल्याची डायकिरी बोटाने दाखवली आणि वेटरला म्हणाल्या, पाक ज्यांनी केला त्यांना बोलवा.

थेंबे हात पुसत गेले. मी दारापर्यंत गेले आणि तिथूनच पाहत राहिले. थेंब्यांनी नंतर सांगितलं, बाईंच्या वरच्या ओठावर एक फिकट डाग होता, जवळून पाहिलं तरच दिसणारा. पेला टेबलावर होता. त्यांनी रिकामा पेला मागवला, आपल्यातलं थोडं त्यात ओतलं आणि थेंब्यांच्या पुढे सरकवलं.

"आधी तुम्ही," त्या म्हणाल्या. "रागावू नका. मला अजून भीती वाटते."

थेंब्यांनी पेला दोन्ही हातांनी उचलला आणि सगळं एका दमात प्यायले. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, आल्याचा चटकाच तसा आहे. त्या बाई त्यांच्या चेहऱ्याकडे पाहत राहिल्या. मिनिटभर. मग त्यांनी आपला पेला नाकाशी धरला, पुष्कळ वेळ धरला, आणि एक घोट घेतला.

तासभर त्या पुस्तक वाचत बसल्या. अर्धा पेला तसाच ठेवून गेल्या. पुढच्या बुधवारी परत आल्या.